तिरडी माघारी येत नाही

अण्णा,

संकलनाच्या या खोलीत तुम्ही रोज मरता आणि रोज उठता. यंत्राचं हँडल मी पुढे फिरवलं की माळावरची अंत्ययात्रा विसाव्याच्या दगडापाशी येते, तिरडी खाली टेकते आणि तुमचा चेहरा चौकटीत येऊन थांबतो. हँडल मागे फिरवलं की तिरडी आपोआप उचलली जाते, खांदेकरी पाठमोरे चालत गावाकडे जातात, उधळलेला गुलाल हवेतून परत मुठीत शिरतो. काळ्या-पांढऱ्या फिल्मवर तो गुलाल राखेसारखा दिसतो. गेलेली तिरडी माघारी आणायची नाही, असा शब्द तुम्ही त्या गावाला दिला होता. तो शब्द मी या अंधाऱ्या खोलीत बसून दिवसभर मोडते आहे.

तुमच्यावर काही लिहून द्या, असा निरोप दोन ठिकाणांहून आला. तुमचा जन्म, तुमचे चित्रपट, तुम्ही कोणाकोणाबरोबर काम केलंत, हे सगळं कोणीही लिहील. मला तुमच्याशी एक वाद पुरा करायचा आहे आणि एक निर्णय घ्यायचा आहे. निर्णय उद्या सकाळच्या आत हवा, कारण उद्या निगेटिव्ह, म्हणजे मूळ फिल्म, कापायला जाते, आणि निगेटिव्ह एकदा कापली की तीही माघारी येत नाही.

प्रश्न साध्या भाषेत मांडता येतो. माझ्या पहिल्या चित्रपटातला सगळ्यात चांगला शॉट म्हणजे तुमचं प्रेत. चित्रीकरणानंतर महिनाभरातच तुम्ही खरोखर गेलात. आता ते प्रेत पडद्यावर ठेवायचं की नाही?

तुम्ही प्रथम आमच्या साताऱ्याच्या घरी आलात तो प्रसंग मी बऱ्याचदा आठवते. पदार्थविज्ञानात एम.एस्सी. झालेली मुलगी पुण्याला जाऊन संकलन शिकते आणि आता म्हणे सिनेमाच्या युनिटबरोबर खेड्यापाड्यांत हिंडणार, हे माझ्या वडिलांना अजिबात पटलेलं नव्हतं. सैन्यातून सुभेदार म्हणून निवृत्त झालेला माणूस. त्यांनी तुम्हाला खुर्ची दिली आणि चौकशी सुरू केली.

"बाहेरगावी हिची झोपायची सोय काय?"

"जिथं आमची हिरॉइन झोपती तिथं. हिरॉइन नसंल तर शाळामास्तरांच्या घरी, त्यांच्या मंडळींजवळ."

"गावात कोणी विचारलं, कुणाची मुलगी, तर ती नाव लपवणार नाही. दीक्षा घेतल्यापासून आमच्या घरात ते चालत नाही."

तुम्ही चहा बशीत ओतलात, फुंकर घातलीत. "सुभेदारसाहेब, नाव लपवायला ती काय चोरी करून आलीया व्हय? मी सांगीन की नाव. चार घरं ऐकतील एवढ्या मोठ्यानं सांगीन."

आणि तुम्ही सांगितलंत. प्रत्येक गावात, पहिल्याच दारात, माझं नाव, वडिलांचं नाव, आडनाव, आणि मग, "ह्या आमच्या डायरेक्टर." मी तेव्हा नुसती सहाय्यक होते. एका गावात माझ्यासाठी पाण्याचा तांब्या वेगळा आला. तुम्ही पुढे झालात. तो वेगळा तांब्या उचललात, आधी स्वतः प्यालात, मग कॅमेरामन दिनकरच्या हातात दिलात, मग लाइटवाल्यांना, आणि शेवटी मला. घरातला चांगला तांब्या ओसरीवर तसाच भरलेला राहिला. घरधनीण उंबऱ्यात उभी राहून बघत होती. बाहेर पडल्यावर मी आभार मानायला तोंड उघडलं, तर तुम्ही म्हणालात, "लय तहान लागलीती. चल, ऊन उतरायला लागलं." या विषयावर आपण पुन्हा कधीच बोललो नाही. बोलायला हवं होतं असं आता वाटतं. पण तुम्ही बोलू दिलं नसतंत, हेही तितकंच खरं.

कोल्हापूरच्या स्टुडिओपासून तुमची सुरुवात झाली. तेव्हा सिनेमात गाव हवं असेल तर ते बांबू आणि तरटाचं उभारत असत. मग कॅमेरा बाहेर पडला आणि तुमचं खरं काम सुरू झालं. पाटणच्या खोऱ्यात लढाई, वाईच्या घाटावर लग्न, आटपाडीच्या माळावर दुष्काळ: दिग्दर्शक जे मागेल ते सातारा-सांगलीच्या नकाशावर कुठे मिळतं, हे तुम्हाला ठाऊक. प्रॉडक्शन मॅनेजर म्हणजे जेवण, गाड्या आणि भांडणं बघणारा माणूस, एवढीच माझी समजूत होती. तुमच्याबरोबर फिरताना कळलं की तुम्ही गाव मागून आणत होता; आणि गाव देतं ते तुम्ही शब्द देता म्हणून. कागद तुम्ही कधी केला नाहीत. "कागुद केला की माणूस कागदाकडं बघतो," असं म्हणायचात, "शबुद दिला की तोंडाकडं बघतो." टेलिव्हिजन आलं तेव्हा तुमच्या वयाच्या लोकांनी नाकं मुरडली. तुम्ही पहिल्यांदा ती पेटी पाहिलीत आणि म्हणालात, "आता लोक आडवं पडून सिनेमा बघणार. बरं झालं, खुर्च्यांचं भाडं वाचलं." आणि पेटीसाठीही कामं करायला लागलात, पूर्वीच्याच इमानाने.

आता त्या वादाकडे येते.

चित्रपटात कोणी मेलं की तुम्ही कॅमेरा आवरू देत नव्हतात. मेलेल्या नटाला उठवायचं, पाणी पाजायचं, काहीतरी वात्रट बोलून हसवायचं, आणि तो हसतानाचा छोटा तुकडा चित्रित करायचा. तो तुकडा चित्रपटात कधीच जात नसे. त्याची जागा इथल्या टोपलीत, टाकाऊ फिल्मच्या गुंतवळ्यात. नटाला उठवताना तुमचं वाक्य ठरलेलं असे: "उठा राव, मेला तो दुसरा."

मी पहिल्याच वेळी हरकत घेतली होती. कच्ची फिल्म परवान्यावर मिळते, वाट बघून मिळते. ती एका अंधश्रद्धेवर का घालवायची?

"सायन्सबाई," तुम्ही म्हणालात, "ताप बघून झाल्यावर डॉक्टर थर्मामीटर झटकतो का न्हाई?"

"पारा खाली आणायला झटकतात, अण्णा. त्याला भौतिक कारण आहे."

"मग ह्योबी पाराच. मढं हून पडल्यावर चढतो. झटकला न्हाई तर नट तसाच घरी जातो, आन् बायकूला ताप देतो."

सगळं युनिट हसलं. मीही हसले, पण मुद्दा सोडला नाही. आटपाडीच्या एस.टी.त, शिरवळच्या हॉटेलात, जिथे सापडलात तिथे मी तुम्हाला कार्यकारणभाव समजावून सांगितला. तुम्ही ऐकून घ्यायचात आणि पुढच्या मृत्यूला पुन्हा हसरा शॉट घ्यायचात.

मग माझा स्वतःचा चित्रपट आला. टेलिव्हिजनसाठी, अर्ध्या तासाचा. सुटीवर आलेला शिपाई एस.टी.तून उतरतो आणि लांबच्या माळावर एक अंत्ययात्रा पाहतो. कोणीतरी गेलं, एवढंच त्याला कळतं. वाट वाकडी करून तो विसाव्यापाशी पोचतो, खांदा द्यायला पुढे होतो, आणि तिरडीवर त्याचा बाप असतो. तेवढ्या एका चेहऱ्यावर सगळा चित्रपट उभा आहे.

गाव तुम्ही शोधलंत, आटपाडीच्या पलीकडचं, तुमच्या आजोळच्या वाटेवरचं. गावातले जाणते म्हणजे नामदेव तात्या. त्यांनी सगळ्याला होकार दिला: माळ घ्या, माणसं घ्या, खांदेकरी आमचेच घ्या. अट एकच घातली.

"अण्णा, एकदा उचलली का गेली. तिरडी माघारी वळवायची न्हाई. सोंगातलीबी न्हाई. गावात पोरंबाळं हाईत."

"एकदाच जाईल, तात्या. माझा शबुद."

मी तुम्हाला बाजूला घेतलं. एका टेकमध्ये असा शॉट कोणी करत नाही, लांबून चालत आलेली माणसं, वारा, उधळण, शेवटी चेहऱ्यावर येऊन थांबणारा कॅमेरा. काहीही चुकू शकतं.

"जन्म आन् मरान एकाच टेकात हुतंय, सायन्सबाई. तयारी चांगली करू."

तयारी चांगलीच झाली. एकच गोष्ट तयारीत बसली नाही: प्रेत पळून गेलं. कोल्हापूरहून आणलेले आपले वयस्क नट रात्री व्यवस्थित जेवले, आणि सकाळी बांधलेली तिरडी पाहताच पिशवी उचलून एस.टी.कडे निघाले. "आवं अण्णा, आजवर रंगमंचावरबी मेलो न्हाई मी. नायकाचा बाप केला, सासरा केला, मढं न्हाई केलं. आन् ही तिरडी लय खरी दिसतीया." तुम्ही त्यांना अडवलं नाहीत, चहा पाजून गाडीत बसवलंत. मग टोपी काढून माझ्या हातात दिलीत. "दाढी वाढलीच हाय. वयबी बसतंय. बांधा मला."

तुम्हाला बांधत होते तेव्हा तुम्ही डोळे मिटून म्हणालात, "बरं वाटतंय गं. दिवसाउजेडी आडवा झालोच न्हाई कवा." छातीत जळजळतं म्हणून तुम्ही खिशातला ओवा चघळत असायचात, हे आम्ही सगळेच पाहत होतो. पित्त, असं तुम्ही म्हणायचात. आडवं होण्याचं ते वाक्य मी तेव्हा विनोद म्हणूनच घेतलं.

शॉट झाला. गडबडीत सुरुवातीची पाटी दाखवायची राहिली. शॉटचा क्रमांक लिहिलेली ती पाटी आधी राहिली तर शेवटी दाखवतात, आणि ती उलटी धरतात, म्हणजे संकलन करणाऱ्याला कळतं की ही शेवटची खूण आहे. तिरडी विसाव्याला टेकली, कॅमेरा तुमच्या चेहऱ्यावर थांबला, आणि मीच धावत जाऊन तुमच्या गालाशेजारी पाटी धरली. दिनकरने कॅमेरा थांबवला. पण लगेच डोळ्यावरून हात फिरवत तो म्हणाला, "बाई, शेवटी फोकस हललाय असं वाटतंय मला."

त्या क्षणी मी माणूस नव्हते, फक्त दिग्दर्शक होते. आणखी एक टेक हवाच, असं मी म्हणाले. तुम्ही तिरडीवर उठून बसला होता, केसांत झेंडूच्या पाकळ्या, आणि मान हलवून नाही म्हणत होता. मी उपाय सुचवला: तिरडी इथे सोडायची, बांबू सुटे करून ओढ्याच्या वाटेने गावात न्यायचे, तिथे पुन्हा बांधायची. म्हणजे तिरडी माघारी गेली नाही, बांबू गेले.

"कायद्यानं बरोबर हाय," तुम्ही म्हणालात. "पर शबुद कायद्यानं देत न्हाईत."

"अण्णा, हा चित्रपट मुंबईत दिसणार. हे गाव कुठे बघायला येणार आहे?"

"बघायला येत न्हाईत म्हणून तर शबुद मागत्यात. बघायला येणार असते तर पावती मागितली असती."

मी रागावून उन्हात लांब जाऊन उभी राहिले. परत आले तेव्हा दिनकर विचारत होता, कॅमेऱ्याच्या मॅगझिनमध्ये थोडी फिल्म उरली आहे, अण्णांचा हसरा शॉट घ्यायचा का? शिपायाचे दोन शॉट अजून बाकी होते आणि ऊन कलत होतं. तुम्ही माझ्याकडे पाहिलंत. डोळ्यांत नेहमीची ती मिश्किली होती.

"राहू दे रं. मी कुठं नट हाय? आज सायन्सबाईंचं ऐकू या. एवढी दोन वर्सं भांडतीया, एकदा तरी जिंकू दे पोरीला."

मी म्हणाले, "बरं."

अण्णा, त्या "बरं"वर मी खूप विचार केला आहे, आणि जो निष्कर्ष निघाला तोच लिहिते. शिरवळला एस.टी. चहासाठी थांबली असताना तुम्ही गेलात, ते हृदयाच्या रक्तवाहिनीमुळे. डॉक्टरांच्या मते आजार किमान वर्षभराचा होता. दोन सेकंदांच्या फिल्मने ती रक्तवाहिनी उघडली नसती. माझा युक्तिवाद तेव्हा बरोबर होता आणि आजही बरोबर आहे. अपराध मी पत्करणार नाही. पत्करला तर तो खोटा दागिना होईल. पण बरोबर असलेल्या माणसाला रात्री झोप लागायला हवी. ती लागत नाही, आणि याचं कारण मला पदार्थविज्ञानात सापडत नाही.

सांगलीच्या घाटावर मी आले होते. बायकांनी येऊ नये, असं कोणीतरी पुटपुटलं; दिनकर म्हणाला, "त्या युनिटच्या हाईत," आणि विषय संपला. तुम्हाला खाली ठेवलं. तोच चेहरा, तोच कोन, तीच वाढलेली दाढी. आणि माझ्या मनात पहिला विचार काय आला असेल? शॉटमध्ये गुलाल डाव्या भुवईवर ओघळला होता, इथे तो सरळ आहे, फुलं त्यात झेंडूची होती, इथे शेवंतीची आहेत, जुळत नाही. मला स्वतःची किळस आली. मग वाटलं, हे कौशल्यही तुम्हीच घोटून घेतलेलं आहे. मला एकच वाक्य ऐकू यावं असं वाटत होतं, आणि ते म्हणणारा माणूस तिरडीवर होता.

दिवस झाल्यावर तुमच्या घरी काकूंनी मला बोलावून घेतलं. सांगलीच्या गावभागातली तुमची ती खोली. भिंतीवर तुमची छत्री तशीच टांगलेली. काकूंनी मला पाटावर बसवलं आणि प्रस्तावना न करता विचारलं.

"पोरी, त्येंच्या मढ्याचा शिनिमा काढलायस म्हणं तू."

"एका दृश्यात आहेत, काकू."

"मंग हसल्याचा काढला का? समद्यांचा काढायचे ते. घरी आले की मला सांगायचे, आज अमक्याला हसिवला."

"नाही काढला."

"का?"

"ते नको म्हणाले."

काकूंनी पदराचं टोक बोटाभोवती गुंडाळलं. "ते नकोच म्हणणार की. सोतासाठी कवा व्हय म्हणाल्यात? ते दुसऱ्यानं म्हणायचं असतंय." मग स्वच्छ आवाजात म्हणाल्या, "त्यो तुकडा दावायचा न्हाई. नुसतं मढं हून ऱ्हायचं न्हाई त्येंनी."

खरं सांगायचं तर उत्तर द्यायला घाबरले, कारण तो शॉट काढला तर माझ्याजवळ चित्रपटच उरत नाही. दुसरा चेहरा आणून तिथे बसवता येणार नाही. गावाने तिरडी एकदाच दिली होती. माझ्या वयाच्या मुलीला दुसरी संधी कोण देतं, हे तुम्हाला माझ्यापेक्षा चांगलं ठाऊक होतं.

मुंबईला आले तेव्हा प्रिंट लॅबमधून आली होती. पहिली गोष्ट जी पाहिली ती सांगायची राहून गेली आहे, म्हणून आधी ती सांगते: फोकस अचूक आहे, अण्णा. पापणीचा केस दिसतो आहे. दिनकर चुकला होता, मी चुकले होते. दुसऱ्या टेकची गरज नव्हती. हे तुम्हाला कळवायला मला एक दुपार हवी होती फक्त. तुम्ही मोठ्याने हसला असतात आणि महिनाभर मला टोमणे मारले असते.

आणि मग पाटी येते. शॉटच्या अगदी शेवटी. माझा हात चौकटीत येतो, पाटी धरतो, सुलटी. तुमचे डोळे मिटलेले, श्वास रोखलेला, चेहऱ्यावर खरोखर काहीही नाही. आणि कफनाच्या कडेखालून, छातीवरच्या फुलांमधून, तुमच्या उजव्या हाताचं एक बोट बाहेर येतं आणि हवेत अर्धं वर्तुळ काढतं: उलटी धर. पाटी उलटते. बोट आत जातं. फिल्म संपते.

माझ्या स्मरणात ती पाटी मी स्वतःच उलटी केली होती. बोट मला दिसलं असणार, म्हणून तर मी ती फिरवली. पण स्मरणाने तुमचं बोट वगळून सगळं श्रेय मला दिलं. मेलेला माणूस मला माझं काम सांगत होता, आणि मी ते निमूटपणे ऐकलंही होतं.

गेल्या आठवड्यात मी त्या तुकड्याची वेगळी प्रत काढून सांगलीला गेले. सोबत कॉलेजातलं माझं भिंग नेलं. काकूंना खिडकीशी उभं केलं आणि फिल्मची पट्टी उजेडापुढे धरली.

"ह्यात काय बघू? समदं सारखंच हाय."

"बोटाकडे बघा, काकू. वरच्या चित्रात इथे आहे. खालच्यात जरा सरकलं. पुढच्यात आणखी. प्रत्येक चित्र स्थिर असतं. ती भरभर सरकली की आपल्या डोळ्यांना हालचाल दिसते."

काकूंनी भिंग माझ्या हातातून घेतलं. एकेक चित्र बघत खाली आल्या, पुन्हा वर गेल्या. "कुणाला बोट दावत्यात?"

"मला. पाटी चुकीची धरली होती मी."

काकू हसल्या. तोंडावर पदर धरून, खांदे हलेपर्यंत हसल्या. "आगं बया! मरूनबी हुकूम सोडायचं ऱ्हायलं न्हाई!" मग तशाच खाली बसल्या, आणि हसू कुठे संपलं ते मला कळलं नाही. डोळे पुसून म्हणाल्या, "हे बोट ऱ्हाऊ दे. बोट ऱ्हायलं तर मढंबी ऱ्हाऊ दे. पर बोट काढलंस तर समदं काढ. दे शबुद."

मी दिला. तोंडाकडे बघून दिला.

आता माझी अडचण सांगते. टेलिव्हिजनच्या साहेबांनी काल चित्रपट पाहिला. त्यांना तो आवडला. शिपायाच्या चेहऱ्यावर चित्रपट संपतो त्या शांततेचं त्यांनी खास कौतुक केलं. मग त्या शांततेनंतर मी जोडलेला तुकडा आला: उलटणारी पाटी, तुमचा चेहरा, फिरणारं बोट.

"हे काय? प्रेत बोट हलवतं? तयार झालेला सगळा परिणाम ह्याने धुऊन जातो."

मी कारण सांगितलं. साहेब वाईट मनुष्य नाहीत. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. "भावना समजतात. पण काढा हे. सांगलीत टीव्ही दिसत नाही. त्या बाईंना कोण सांगायला जाणार आहे?"

विसाव्यावरचं माझंच वाक्य मला दुसऱ्याच्या तोंडून परत मिळालं. हे गाव कुठे बघायला येणार आहे? तेव्हा ते मला इतकं तर्कशुद्ध वाटलं होतं.

दिग्दर्शक म्हणून साहेबांचं म्हणणं बरोबर आहे, हेही लिहून ठेवते. तो तुकडा चित्रपटात खटकतो. शिपायाचं दुःख खरं मानून बसलेल्या माणसाला तो सांगतो की हे सगळं सोंग होतं. तुम्ही स्वतः काय केलं असतंत? "पिक्चर आधी, बाकी समदं मागनं," हे तुमचंच. आणि शब्दासाठी दुसरा टेक नाकारणारेही तुम्हीच. दोन्ही वाक्यं तुमची, आणि ती एकमेकांशी जुळत नाहीत. हे तुम्हाला विचारायचं राहिलं. शिवाय मी हे काकूंसाठी करते आहे, तुमच्यासाठी करते आहे, की बोटाच्या बदल्यात माझा शॉट वाचतो म्हणून करते आहे? प्रयोगशाळेत असतं तर एकेक घटक वेगळा करून तपासला असता. इथे तो वेगळा निघत नाही.

तरीही जोडणी मी केली आहे. शिपायाचा चेहरा, मग काळोख, मग पाटी, तुम्ही, बोट. सकाळी निगेटिव्ह अशीच कापायला जाईल. साहेबांनी चित्रपट परत केला तर तो बोटासकट परत येईल, आणि मग हा माझा पहिला चित्रपट कदाचित कोणालाच दिसणार नाही. याची मला भीती वाटते. शूर असल्याचं सोंग तुमच्यापुढे आणून उपयोग नाही. सोंगं ओळखण्यात तुमचं सगळं आयुष्य गेलं.

आत्ताच सगळं एकदा सलग पाहून घेतलं. माळ, वारा, राखेसारखा गुलाल, विसाव्याचा दगड. शिपाई. काळोख. बोट फिरलं, पाटी उलटली, चौकट पांढरी झाली. सवयीने माझा हात हँडल मागे फिरवायला गेला.

मी तो काढून घेतला.